बॉबिन लेन विकणाऱ्यांस, आणि माझ्या मुलास

मी, इद्वल प्रॉसर, वय वर्षे एकोणऐंशी, राहणार वीव्हर स्ट्रीट, थॉर्नशॉ, यॉर्कशायर, मूळचा वेल्समधील नांटवेन या खाणगावचा, धंद्याने सुतार, थॉर्नशॉ रोव्हर्स या आता नाहीशा झालेल्या रग्बी लीग क्लबचा एकेकाळचा खेळाडू व नंतर त्याच क्लबच्या मैदानाची निगा राखणारा, पूर्ण शुद्धीत, कोणाच्याही दबावाखाली नसताना आणि पूर्ण संतापात हे मृत्युपत्र करीत आहे. "संतापात" हा शब्द काढा, असे माझ्या वकील बाई नसरीन अख्तर यांनी सुचवले. "प्रॉसरकाका, शुद्ध आणि संताप एकाच वाक्यात आले की कोर्टाला शंका येते," असे त्या म्हणाल्या. शब्द राहील. मैदान विकले गेले तेव्हापासून मी संतापलेलो आहे आणि या सगळ्या काळात माझी शुद्ध एकदाही हरपलेली नाही.

१. याआधीची माझी दोन मृत्युपत्रे मी रद्द करतो. पहिल्यात माझे घर मुलाला दिले होते, दुसऱ्यात दिले नव्हते. हे तिसरे करण्याचे कारण तेच आहे. माझा मुलगा आयव्हर याने बॉबिन लेनचे मैदान विकण्यासाठी हात वर केला. त्याला माझे घर द्यावे की नाही, एवढाच या कागदातला खरा प्रश्न आहे. उत्तर शेवटी आहे. मधली कलमे गाळून कोणी तिथे उडी मारू नये. इतरांनाही मला बरेच काही सांगायचे आहे.

२. या मृत्युपत्राची अंमलबजावणी नसरीन अख्तर यांनी करावी. त्या आमच्याच गल्लीत वाढल्या. त्यांचे वडील बशीर बस चालवत आणि प्रत्येक शनिवारी मैदानाच्या पश्चिमेकडील दिव्याच्या खांबाखाली उभे राहून पंचाला पंजाबीत शिव्या घालत. पंचाला अर्थ कळत नसे, पण सूर बरोबर कळे. अशा माणसाची मुलगी माझे काम चोख करील याबद्दल मला शंका नाही.

३. माझी अंत्ययात्रा बॉबिन लेनवरून नेऊ नये. तिथे आता मोठे दुकान आहे आणि जिथे आमची मधली रेघ होती तिथे गोठवलेले मासे विकतात. लांबून न्यावे लागले तरी चालेल, मला कुठे घाई आहे? जेवणात मटणाचा पाय आणि मऊ शिजवलेले वाटाणे असावेत, वर व्हिनेगर. ते त्रिकोणी सँडविच कोणी आणू नयेत. क्लबचा शेवटचा अध्यक्ष क्लिफर्ड अकरॉइड याला आत घेऊ नये. तो आलाच, तर बर्नार्ड हेप्टनने दारात उभे राहावे. हात लावण्याची गरज नाही. बर्नार्ड आमच्या पहिल्या फळीतला, दारात उभा राहिला की दार दिसेनासे होते.

४. त्या दुकानाच्या प्रवेशद्वारी अकरॉइडने एक पाटी बसवली आहे. क्लब "काळाच्या ओघात विसर्जित झाला" असे तिच्यावर लिहिले आहे. हे खोटे आहे. ओघबिघ काही नव्हता. एका टेबलाभोवती पाच माणसे बसली होती. म्हणून खरी हकीकत इथे नोंदवून ठेवतो, कारण मृत्युपत्र नीट जपून ठेवले जाते आणि त्याच्यावर दुकानाची जाहिरात चिकटवता येत नाही.

रोव्हर्स काढला रंगाऱ्यांनी, म्हणजे कापड रंगवण्याच्या गिरणीतल्या कामगारांनी. शनिवारी खेळायला गेले की त्यांची अर्ध्या दिवसाची मजुरी बुडायची. ती भरून द्या, एवढेच त्यांचे मागणे होते. दक्षिणेतले साहेबलोक म्हणाले, सभ्य माणूस खेळाचे पैसे घेत नाही. आमचे लोक म्हणाले, सभ्य माणसाला शनिवारची पाळी नसते. त्यावरून खेळाचे दोन तुकडे झाले. त्यांची रग्बी युनियन, पंधरा जणांची. आमची लीग, पुढे तेरा जणांची. आठवडाभर गिरणीत किंवा खाणीत राबायचे, मंगळवारी आणि गुरुवारी कामावरून परस्पर सरावाला यायचे, शनिवारी हाडे मोडून घ्यायची आणि सोमवारी पुन्हा भोंग्याला हजर. रोव्हर्सचा गडी कुठेही ओळखू यायचा, त्याची नखे निळी असत. शेजारच्या गावचे होल्मरॉइडवाले, आमचे हाडवैरी, आम्हाला "शाईचे बुधले" म्हणून चिडवत. आम्ही त्यांना जे म्हणत असू ते नसरीनबाईंनी टंकायला नकार दिला आहे.

५. माझी अकरा नंबरची जर्सी, चॉकलेटी आणि पिवळ्या पट्ट्यांची, नांटवेनच्या रग्बी युनियन क्लबला पाठवावी. टपालखर्च माझ्या पैशातून करावा. कारण सांगतो.

बाविसाव्या वर्षी मी चोरून उत्तरेला आलो. युनियनचा खेळाडू लीगच्या मैदानावर नुसता चाचणीपुरता उतरला तरी त्याच्यावर जन्मभराची बंदी येत असे. म्हणून चाचणीच्या सामन्यात नाव लपवायची आमच्याकडे रीतच होती. कार्यक्रमपत्रिकेत बारा जणांची नावे असत आणि तेराव्याच्या जागी छापलेले असे, "अन्य एक". मी दोन शनिवार अन्य एक होतो. दुसऱ्या शनिवारी मी दोन ट्राय केले, म्हणजे चेंडू दोनदा त्यांच्या रेघेपलीकडे टेकवला, आणि प्रेक्षक ओरडू लागले, "अरे अन्या, अजून एक!" मला इतके बरे वाटले की मी हात हलवला. तिथेच घात झाला. लीड्सला नोकरी करणारा नांटवेनचा एक माणूस गर्दीत होता. "हात हलवायची ही पद्धत प्रॉसरच्या पोराचीच," असे त्याने गावी कळवले.

गावच्या क्लबची बैठक बसली. माझे वडील समितीत होते. बंदीच्या बाजूने पहिला हात त्यांचा वर गेला. मग ते खुर्चीवर चढले आणि क्लबच्या भिंतीवरची माझी तसबीर त्यांनी स्वतः उतरवली. पुढे कित्येक वर्षांनी युनियनवाल्यांनीही राजरोस पैसे घेऊन खेळायला सुरुवात केली आणि बंदी उठवली. मला कोणी साधे कळवलेसुद्धा नाही. तर आता त्या रिकाम्या खिळ्यावर माझी जर्सी लावावी. लावायची नसेल तर खुशाल जाळावी, पण जाळणाऱ्याने आपले नाव लिहून कळवावे. अन्य एक चालणार नाही.

६. माझी सुतारकामाची हत्यारे, मैदानावर पांढऱ्या रेघा मारायचे गाडे आणि बँकेत जे काही असेल ते सर्व, थॉर्नशॉच्या मुलींच्या संघाला द्यावे. पालिकेच्या उतरत्या मैदानावर खेळतात त्या. त्यांना खेळ शिकवणारी शार्लीन एकदा गाडे मागायला आली होती. मी म्हटले, "हे चालवायला मनगट लागतं." ती म्हणाली, "आजोबा, मी दिवसभर वृद्धाश्रमात म्हाताऱ्यांना उचलून आंघोळी घालते, मनगटाचं मला सांगू नका." अट एकच आहे. हा संघ होल्मरॉइडच्या संघात कधीही विलीन करू नये. केल्यास गाडे परत घेऊन माझ्या थडग्यावर आणून ठेवावे.

७. क्लिफर्ड अकरॉइड, गालिच्यांचा व्यापारी, याला मी खेळाडूंच्या संडासाचे दार देतो. मैदान पाडण्याच्या आदल्या दिवशी मी ते बिजागरीसकट काढून आणले. त्याच्या आतल्या बाजूला अकरॉइडविषयी पुष्कळ मजकूर आहे, काही यमकातही आहे. दाराला रंग देऊ नये व मजकूर खरवडू नये. त्याने दार घेण्यास नकार दिल्यास ते त्याच्या गालिच्यांच्या दुकानासमोर, मजकुराची बाजू रस्त्याकडे करून, टेकवून ठेवावे. हे कायद्यात बसत नाही असे नसरीनबाई म्हणतात. बर्नार्डच्या टेम्पोत मात्र ते बसते, आम्ही मोजून पाहिले आहे.

८. आता घर. वीव्हर स्ट्रीटवरचे दोन खोल्या वर, दोन खोल्या खाली असे घर. माझी पत्नी मॅविस आणि मी ते घेतले आणि आयव्हर याच घरात जन्मला.

आयव्हर पालिकेत इमारतींची तपासणी करायचा. शिकलेला म्हणून अकरॉइडने त्याला क्लबच्या संचालक मंडळात घेतले, तेव्हा मी गल्लीभर मिरवलो होतो. मग अकरॉइडने बेत मांडला: मैदान विकायचे आणि होल्मरॉइडशी क्लब जोडून टाकायचा. होल्मरॉइडशी! बैठकीच्या दिवशी मैदानाची स्थिती सांगण्यासाठी मला बोलावले होते. मी बाहेर बाकावर बसून राहिलो, विचारले कोणी नाही. दाराच्या काचेतून मला हात दिसले. अकरॉइडचा, त्याच्या मेव्हण्याचा आणि तिसरा माझ्या मुलाचा. दोन हात खालीच राहिले होते. त्या एका हाताने रोव्हर्स मेला.

संध्याकाळी स्वयंपाकघरात मी त्याला विचारले, "तुझा हात कोणी धरून वर केला होता का?"

"नाही, बाबा. मीच केला."

"का?"

"स्टँडखालचे खांब सडलेत. भर सामन्यात स्टँड कोसळला तर माणसं मरतील. तुम्ही सुतार आहात, तुम्हाला माहीत आहे."

"मी दुरुस्त करत होतो."

"तुम्ही रंग देत होतात, बाबा."

मॅविस म्हणाली, "दोघंही अंगणात जा आणि तिथे काय ते ओरडा. माझं दूध उतू जातंय." आम्ही अंगणात गेलो नाही. मी त्याला घराबाहेर जायला सांगितले आणि तो गेला.

जोडलेला क्लब होल्मरॉइडच्या मैदानावर एक हिवाळासुद्धा टिकला नाही. थॉर्नशॉचे लोक तिकडे जाईनात आणि होल्मरॉइडचे लोक आमच्या पोरांची हुर्यो उडवत. वसंत यायच्या आत कुलूप लागले. त्या संध्याकाळपासून मी आयव्हरशी बोललेलो नाही. तो दोन गल्ल्या पलीकडे राहतो. मॅविस होती तोवर, मी पालिकेच्या भाड्याच्या भाजीच्या वाफ्यांवर रुबार्ब खणायला गेलो की तो मागच्या दाराने येऊन तिला भेटत असे. मला हे ठाऊक होते, म्हणून मी वाफ्यांवर जास्त वेळ काढायचो. ती गेल्यावरही दर शरद ऋतूत तो शिडी घेऊन येतो, पन्हळीतला पालापाचोळा काढतो आणि दार न वाजवता निघून जातो. मी पडद्याआड उभा असतो. शिडी चुकीच्या कोनात लावतो, गाढव. पडेल एखाद्या दिवशी.

९. दुसऱ्या मृत्युपत्राप्रमाणे हेही लिहायचे असे ठरले होते. नसरीनबाई म्हणाल्या, "मुलाला वगळायचं असेल तर मोघम ठेवू नका. स्पष्ट लिहावं लागेल, नाहीतर तो दावा लावेल." त्यांनी वाक्य तयार केले आणि मला वाचून दाखवले: "माझा मुलगा आयव्हर यास मी जाणीवपूर्वक काहीही देत नाही." मी म्हटले, ठीक आहे. त्यांनी पेन पुढे केले. मी ते घेतले आणि मला सही करता येईना.

माझे वडील वारले तेव्हा मला कोणी बोलावले नव्हते. आठवडा उलटल्यावर धाकट्या बहिणीने, मेन्नाने, रस्त्यावरच्या फोनवरून मला त्यांचे मृत्युपत्र वाचून दाखवले. माझे नाव कुठे येते म्हणून मी ऐकत होतो. ते आले नाही. मला काही देत नाही, असेही त्यात नव्हते. त्यांनी लिहिले होते, "मला दोन मुली आहेत." बस. मेन्ना रडू लागली आणि तिची नाणी संपली. मी त्यांचे थोरले मूल, एकुलता मुलगा. त्यांच्याबरोबर मी खाणीत उतरलो होतो, एकाच डब्यातून जेवलो होतो. एका खेळापायी त्यांनी मला जन्मालाच घातले नाही.

हे मी नसरीनबाईंना सांगितले. त्यांनी तयार केलेले वाक्य खोडले आणि म्हणाल्या, "काका, पुढचं कलम तुमच्या शब्दांत सांगा. मी एकही शब्द बदलणार नाही."

१०. मला एक मुलगा आहे. त्याचे नाव आयव्हर प्रॉसर. त्याने हात वर केला, ते मी या डोळ्यांनी पाहिले आणि मी त्याला माफ केलेले नाही. मृत्युपत्रात मालमत्ता देता येते, माफी देण्याची तजवीज त्यात नसते. खांब सडले होते हे खरे आहे. तरीही त्याने हात खाली ठेवायला हवा होता. वीव्हर स्ट्रीटवरचे घर, सामानासह, कोणत्याही अटीशिवाय त्याचे आहे. हे कलम नसरीनबाईंनी त्याला समोर बसवून मोठ्याने वाचून दाखवावे. पहिले वाक्य दोनदा वाचावे.

वरील सर्व मजकूर मला वाचून दाखवला, तो मला मान्य आहे आणि खाली केलेली सही माझीच आहे.

इद्वल प्रॉसर

आम्हा दोघांच्या समक्ष त्यांनी सही केली आणि त्यांच्या समक्ष आम्ही केली. माझी, इद्वलची, एक पुरवणी: साक्षीदाराला मृत्युपत्रातून काही मिळता कामा नये, असा नियम असल्याने बर्नार्डला मी काहीही ठेवलेले नाही, आणि हे ऐकल्यापासून तो फुगून बसला आहे.

साक्षीदार: बर्नार्ड हेप्टन, निवृत्त टपालवाला, थॉर्नशॉ
साक्षीदार: कॅथलीन मर्गट्रॉइड, शेजारीण, वीव्हर स्ट्रीट, थॉर्नशॉ

स्थळ: थॉर्नशॉ, वेस्ट यॉर्कशायर
दिनांक: १४ नोव्हेंबर २०१६