रविवार, नाशिक, सुदाम

प्रिय दीपिका,

तुझ्या मेसेजला फोनवरही उत्तर देता आलं असतं. पण तुझा आवाज ऐकला की मी विरघळते, म्हणून लिहितेय.

काल पप्पांना शहापूरला मेंदूच्या डॉक्टरांकडे नेलं. तुला सांगितलं नव्हतं, त्यांना शर्टाची बटणं लावता येईनाशी झालीत. गेल्या महिन्यात त्यांनी माझ्यावर हात उगारला आणि मग त्या हाताकडेच बघत बसले. काल सापगावहून रिक्षात बसल्यापासून एकच विचारत होते, "माझा वजन किती भरला गो?"

आमच्या लग्नाला वर्षही झालं नव्हतं तेव्हाची गोष्ट. मुरबाडच्या बॉक्सिंगच्या लढतीत त्यांच्या कानशिलावर ठोसा बसला. चार दिवस त्यांना एकाच्या दोन वंदना दिसत होत्या. "दोन बायका, मजाय माझी," म्हणायचे. आठवड्यावर नाशिकची फायनल. जिंकले तर नोकरी. बॉक्सर पडला की डॉक्टर रिंगमध्ये येऊन विचारतात, आज वार कोणता, आहेस कुठे, समोर कोण आहे? चुकला की लढत बंद. म्हणून भाकऱ्या थापता थापता मी त्यांच्याकडून उत्तरं पाठ करून घेतली. रविवार. नाशिक. सुदाम. अडखळले की भाकरी बंद. किती हसायचो आम्ही!

नाशिकला ते दुसऱ्या राउंडला पडले. डॉक्टरांना तिन्ही उत्तरं धडाधड दिली, पुन्हा उभे राहिले, जिंकले. पुढे सहा वर्षं असंच. मी फक्त वार, गाव आणि समोरच्या बॉक्सरचं नाव बदलून द्यायची.

काल डॉक्टरांनी सहज विचारलं, आज वार कोणता? हे ताडकन उभे राहिले. हनुवटी खाली, मुठी वर. "रविवार." आपण कुठे आहोत? "नाशिक." डॉक्टरांनी माझ्याकडे बोट दाखवलं. समोर कोण आहे? माझ्या डोळ्यांत बघून म्हणाले, "सुदाम."

मंगळवार होता गं. डॉक्टर म्हणाले, डोक्याला एवढा मार बसलेला असताना यांना लढू कुणी दिलं? मी "मी" मनातच म्हणाले आणि त्यांच्या मुठी हळूच खाली घेतल्या.

घरी येऊन तुझा मेसेज पाहिला. "आई, सेमीफायनलला ठोसा बसला, डोकं अजून गरगरतंय. शुक्रवारी फायनल आहे. पप्पांना शिकवायचीस ती उत्तरं मलाही पाठव ना." आज सकाळी तुझ्या सरांना फोन करून सगळं सांगितलं. फायनलमधून तुझं नाव काढून टाकलंय त्यांनी. खूप चिडशील. महिनाभर बोलू नकोस माझ्याशी, चालेल. पण वीस वर्षांनी माझ्याकडे बोट दाखवून कुणी विचारलं, समोर कोण आहे, तर तू 'आई' म्हणायला हवंस.

तुझीच,
आई