पाणबुडीला शिट्टी

डोंबिवली, हरतालिका, १९८८

आज डोकं फिरलंय, आणि ते उपासामुळे नाही. सोसायटीच्या गणपतीपुढे यंदा अणुपाणबुडीचा देखावा आहे, आणि तो उभारतायत आमचे हे. दुपारी माझ्या कुकरची शिट्टी काढून नेली, पाणबुडीला बसवायला!

शाळेत मी विज्ञान शिकवते. घरात कोण विचारतं? तरी मांडवात जाऊन सांगितलं, "अहो, अणुभट्टीच्या उष्णतेनं पाण्याची वाफ होते, वाफेवर टर्बाइन फिरतं, आणि तीच वाफ थंड होऊन पुन्हा पाणी होते. बाहेर पडतच नाही. शिवाय जिला महिनोन्‌महिने समुद्राखाली लपायचंय, ती शिट्टी मारेल का?"

"अगं, पण शिट्टीशिवाय आत वाफ आहे हे लोकांना कळणार कसं?"

सगळा मांडव हसला. मी तिथे गेलेच कशाला?

शिट्टी! लपणाऱ्या बोटीला!

संध्याकाळी हे भुकेले घरी आले. "भात झाला का गं?"

आज उपास कोणासाठी धरलाय, तर यांच्याचसाठी. पातेल्यात भात करता येतो मला, तरी कुकरमध्ये तांदूळ तसेच ठेवले होते.

म्हटलं, "अहो, शिट्टीशिवाय भात शिजला हे मला कळणार कसं?"