डिपेंडंट

मंगळवार, ४ मार्च २०२५, बरबँक

स्टुडिओ बंद! दहाला व्हिडिओ कॉल, अकराला सगळ्यांची लॉगिन बंद. माझा पूर अर्धाच राहिला — बावन्नपैकी एकोणतीस शॉट्स झाले होते. अकरा वर्षं दुसऱ्यांच्या हाताखाली कॉम्प्युटरवर पाणी बनवलं. लाटा, फेस, चिखल. व्हीएफएक्स सुपरवायझर म्हणून हा पहिलाच सिनेमा. आता शॉट्स दुसरं कुणी पुरे करणार, नावही त्यांचंच लागणार.

नवऱ्याला, मोरेश्वरला फोन केला. तो सहा तासांवर चँडलरला, कॉम्प्युटर-चिप्सच्या कंपनीत.  म्हणाला — "घरी ये."

घरी म्हणजे त्याच्या घरी. चार वर्षं आमची लेक आन्या त्याच्याजवळच आहे. मी पंधरा दिवसांनी येणारी पाहुणी.

६ मार्च

वकीलबाई म्हणाल्या, साठ दिवसांत नवी नोकरी, नाहीतर देश सोडा. किंवा नवऱ्याच्या व्हिसावर, त्याची नोकरी असेपर्यंत, डिपेंडंट व्हा.

"मग काम करता येईल?"

"तुमच्या केसमध्ये नाही."

१९ मार्च

सतरा ठिकाणी माझ्या कामाची रील पाठवली. एकाचंही उत्तर नाही.

२ एप्रिल, चँडलर

खोली सोडली. सामान गाडीत कोंबून सहा तास ड्राइव्ह केलं. आन्यानं दार उघडलं. "हाउ मेनी डेज, मम्मा?" सात वर्षांची पोर!

मोरेश्वर मागून — "मराठीत विचार गं." जणू प्रश्न भाषेचाच होता.

तिचे केस विंचरायला गेले तर हात बाजूला केला. "बाबा डज इट." सिनेमात अख्खं गाव बुडवते मी. पोरीची वेणी येत नाही.

११ एप्रिल

ॲटलांटाहून ऑफर! सुपरवायझरचीच. व्हिसाचंही तेच बघतील. सोमवारपर्यंत कळवायचं. किती दिवसांनी पोटभर जेवले.

मोरेश्वर भांडी विसळत होता. वळला नाही. "जायचं तर जा. मी अडवणार नाही. पण या वेळी आन्याला तू सांग."

१४ एप्रिल

सांगायला बसले. "आन्या, मम्माला ना —"

ती मध्येच, अगदी हळू — "आर यू मॅड ॲट मी?"

मी तिच्यावर रागावून जाते, असं वाटतंय तिला.

ॲटलांटाला नकार कळवला. डिपेंडंटच्या अर्जावर सही केली. माझी सही मलाच ओळखू येईना. मोरेश्वर रडला. लग्नाला दहा वर्षं झाली, आज पहिल्यांदा पाहिला रडताना. मला रडू आलं नाही. नुसतं रिकामं वाटतंय.

२० एप्रिल

दुपारी आन्या सोफ्यावर माझ्या मांडीवर झोपली. दोन तास हलले नाही.

२३ एप्रिल

मोरेश्वर अकरालाच घरी आला. कंपनीनं बॅज काढून घेतलाय — अख्ख्या टीमचीच नोकरी गेली. बूट न काढताच बसला. माझ्याकडे न बघता म्हणाला, "तुझी ती ॲटलांटाची ऑफर... अजून असेल का गं?"