नोव्हेंबरातले चार शुक्रवार

३ सप्टेंबर २०२५, बुधवार. अमरावती.
तारखेवरून वार काढायचं सूत्र पाठ. १५ ऑगस्ट १९४७, शुक्रवार. २६ जानेवारी १९५०, गुरुवार. सहा सेकंद. स्पर्धा परीक्षेतले कॅलेंडरचे दोन मार्क खिशात. उद्यापासून राज्यघटना.

५ सप्टेंबर, शुक्रवार.
राज्यघटना उद्या. आज अभ्यासिकेत सगळ्यांच्या जन्माचे वार काढून दिले. अकरापैकी नऊ जण एक जुलैचे निघाले, मीही त्यातलाच. खेड्यातले गुरुजी शाळेत नाव घालताना सर्रास हीच तारीख टाकत. अनुप म्हणाला, तेरा वर्षं अभ्यास करून हेच शिकला काय. जळतो.

१२ सप्टेंबर, शुक्रवार.
परीक्षेची जाहिरात आली! एक ऑक्टोबरला वय अडतीसच्या आत हवं. मी १ जुलै १९८७, बुधवार. म्हणजे अडतीस वर्षं तीन महिने. चार वेळा मोजलं. घाबरलेलो नाही. पाचव्यांदा मोजतोय ते निव्वळ सरावासाठी.

१४ सप्टेंबर, रविवार. गाव, तिवशाजवळ.
आईला माझ्या जन्माचा वार विचारला. "शुक्रवार होता. बाजार होता नं. मी कापूस येचून आली अन् सांजीले तू झाला."
जुलैत कापूस? जुलैत तर पेरण्या! वेचणी आमच्याकडे नोव्हेंबरात. म्हणजे मी अजून सदतीसचाच! रश्मीला लगेच फोन. बायको म्हणून आनंद व्हायला हवा होता. ती म्हणाली, वयासोबत अक्कलही कमी धरायची काय. नर्सची ड्यूटी, दमते बिचारी.

१७ सप्टेंबर, बुधवार.
नोव्हेंबर ८७ मध्ये शुक्रवार चार. ६, १३, २०, २७. वारावरून तारीख काढायचं सूत्र कुठल्याच पुस्तकात नाही. जन्मतारीख दुरुस्तीच्या अर्जात चारही लिहिल्या. साहेबांनी सोयीची निवडावी.

२२ सप्टेंबर, सोमवार.
शिक्षण ऑफिसातल्या शालिकराम बाबूंनी अर्ज दोनदा वाचला, चष्मा काढला, पुसला. म्हणाले, शाळेच्या दाखल-खारीज रजिस्टरची नक्कल आणा. आणि ज्या गुरुजींनी तारीख टाकली त्यांचं लेखी, की चुकून पडली. गुरुजी हयात असतील तर.
हयात आहेत. तीच तर अडचण आहे. गुरुजी म्हणजे आमचे बाबा.

२८ सप्टेंबर, रविवार. गाव.
परीक्षेचा फॉर्म भरायला दोन दिवस उरले. बाबांपुढे टाइप केलेला कागद ठेवला. 'चुकून' या शब्दावर त्यांनी बोट ठेवलं.
"चुकून नाई टाकली मी. नोव्हेंबर लिवला असता तं पहिलीले सहा वर्षं पुरे झाले नसते, पुढच्या सालापर्यंत घरीच बसला असता. तुह्यं एक वर्ष वाया जाऊ नये म्हून चार महिने वाढवले."
मग त्यांनी सहीसाठी पेन मागितला. मी दिला नाही. कागद घडी करून खिशात ठेवला.
माझ्या अभ्यासात गेलेल्या तेरा वर्षांबद्दल ते एका शब्दानं बोलले नाहीत. बोलले असते तर भांडता तरी आलं असतं.