सांभाळ

वालूर,
ता. १४ नोव्हेंबर २०२४

चि. शंभुराज यास,
अनेक आशीर्वाद. आम्ही ठीक. पाकिटावर तुझं नवीन नाव घातलंय, बन्सीधर. त्याच्यापुढं चि. लिहावं का श्री., कळेना. श्री. लिहिलं.

पार्सल मिळालं. स्वेटर एक, मोजे एक जोड आणि चांदीच्या डबीतलं तुझं इष्टलिंग, दोऱ्यासकट. तिकीट कमी लावलं होतंस, टपालवाल्यानं अठरा रुपये घेतले. पुढच्या वेळी वजन करून लाव. स्वेटरची बाही उसवलीय, ती विणून ठेवते.

कागदावर तुझा एकच शब्द. ‘सांभाळ.’

तुझे अप्पा म्हणाले, “निरोप घ्यायलाय. तुमचं तुमी सांभाळा, म्हणतोय.”

मी म्हणाले, “न्हाई. ठेव म्हणतोय. परत येऊन बांधील गळ्यात.”

त्यांनी मठाच्या स्वामींना बोलावलं. स्वामी म्हणाले, “लिंग अंगावेगळं झालं की माणूस गेला, उमाबाई. आता लिंगालाच मातीत समाधी द्या.” अप्पा लगेच हो म्हणाले. मला लय राग आला. स्वामी गेल्यावर अप्पा हळूच म्हणतात, “मग पोलिसाला देवाशपथ सांगता येईल, पोरगा गेला म्हणून. कुणी हुडकायचं न्हाई त्याला.”

आता राग कुणाचा धरू?

गंगाखेडकडच्या ऊसतोड्यांसाठी भांडलास, संघटनेवर बंदी आली, वॉरंट निघालं, तू नाव बदललंस, इथवर मला कळतं. पण लिंग का काढलंस? बन्सीधरच्या गळ्यात ते दिसलं तर ओळखतील म्हणून? का देवच मानेनासा झालास?

एक सांगत नव्हते. माझी पूजा झाली की तुझं लिंग तळहातावर घेते. दुसऱ्याचं पुजू नये म्हणतात. आणि जित्या लेकराचं पुजते का गेलेल्याचं, तेही ठाऊक नाही. भस्म लावताना हात थांबतो.

अमावास्येनंतरच्या सोमवारी अप्पा मळ्यात खड्डा घेणार आहेत. फोन करू नकोस, पोलीस मोबाइल बघून जातात. हे वाचून चुलीत घाल.

ठेवू का पुरू, एवढंच उलट टपाली कळव. ‘पूर’ म्हणालास तर पुरीन. तेही तुझ्याच अक्षरात येईल ना बाळा.

दोन्ही नावांना आशीर्वाद.

तुझी आई,
उमादेवी