बाकी सगळं बंद केलं

गारखेडा, छत्रपती संभाजीनगर

प्रिय रत्ना,

पाकिटावरचं माझं अक्षर ओळखून तू ते न फोडताच फ्रीजवर टाकून देशील, अशी धास्ती मला पत्ता लिहितानाच वाटली. मग वाटलं, नाही, रत्नाला राग कितीही येवो, बंद पाकीट तिच्याच्यानं बघवत नाही. तेव्हा फोडलं असशील, तर आता नीट बैस. गॅसवर काही असेल तर उतरवून ये. पत्र लांब आहे.

तुझ्या रागाचं कारण मला ठाऊक आहे. चतुराबाईंच्या नातीच्या लग्नात तू मला पाहिलंस आणि पंगतीच्या पार दुसऱ्या टोकाला जाऊन बसलीस. नंतर हात धुताना चतुराबाईंनीच मला गाठलं. बजाजनगरात त्यांच्या दोन खोल्यांत आपण दोघी शेजारी भाडेकरू होतो, तेव्हापासून त्यांना आपल्या दोघींचं सगळं कळलं पाहिजे असा त्यांचा हक्कच आहे. म्हणाल्या, "यास्मिन, रत्ना म्हणती तू तिला फेसबुकवरून काढून टाकलंस. ब्लॉक केलंस म्हणं. पोरीनं असं काय केलं गं तुझं?" मी हसून वेळ मारून नेली. पण ते खरं होतं. ज्या बाईनं माझ्या अरफाला माझ्यापेक्षा जास्त वेळा न्हाऊ घातलं, तिचं नाव मी स्वतःच्या अंगठ्यानं दाबून काढलं होतं. का, ते आज सांगते.

आधी त्या खेळांचं. लासूरला तुमच्याकडं दुपार मोठी असते, अंगणवाडी सुटली की तू रंगीत गोळ्या जुळवायचा तो गेम उघडायचीस. तुझे जीव संपले की तो गेम तुझ्या नावानं आम्हा सगळ्यांना निरोप धाडायचा. तुला कदाचित पत्ताही नसेल. टुंग! रत्नमालानं तुम्हाला खेळायला बोलावलं आहे. टुंग! रत्नमाला तुमची वाट बघत आहे. तू एकटीच नव्हतीस. आमच्या बिल्डिंगचे सेक्रेटरी तात्यासाहेब, मीटिंगमध्ये शिस्तीवर तासभर बोलणारे, ते मला भर सकाळी रमीचा डाव मांडायला बोलवायचे. जावेदचा भाऊ, माझा दीर इम्रान, दुबईहून लुडोला बोलवायचा. आणि कुठल्या तरी शेतीच्या गेममध्ये माझं पीक सारखं कापणीला यायचं. मला कुंडीत कोथिंबीर जगवता आली नाही, हे तुला माहीत आहेच. आधी मी हसायचे. अरफाला सांगायचे, बघ, तुझ्या अम्मीला किती मागणी आहे.

मग असे दिवस आले की ते टुंग वाजलं की मी हातातलं टाकून फोनकडं धावायची. एकदा सातवीच्या वर्गात भागाकार शिकवत होते. फोन टेबलावर वाजला आणि मी खडू हातात घेऊनच वर्गाबाहेर पळाले. मुलं हसायला लागली. व्हरांड्यात जाऊन बघते तर तात्यासाहेबांची रमी. भिंतीला टेकून उभी राहिले. हेडबाईंना वाटलं, घरून वाईट बातमी आली. त्यांना काय सांगणार, की बातमी आलीच नाही म्हणून अशी उभी आहे?

तू म्हणशील, कुणाच्या फोनची एवढी वाट बघत होतीस? रत्ना, जावेदच्या दोन्ही किडन्या निकामी झाल्या होत्या. तुम्हा सगळ्यांना आम्ही पाठीचं दुखणं सांगत होतो, ते खोटं होतं. दिवसाआड मी त्यांना डायलिसिसला न्यायची. माझी किडनी द्यायला मी तयार होते, पण माझी शुगर आडवी आली. इम्रान सुट्टी काढून आला, त्याचं तपासणीत जुळलं नाही. अम्मींनी, म्हणजे माझ्या सासूबाईंनी, आपलं नाव पुढं केलं, तर डॉक्टर त्यांचं वय ऐकून नुसते हसले. मग जावेदचं नाव किडनीच्या प्रतीक्षा यादीत घातलं. कुणाच्या तरी घरी माणूस जाईल, आणि त्या घरचे अशा वेळीसुद्धा दुसऱ्याचा विचार करतील, तेव्हा आपल्याला फोन येईल. कधी, ते कुणीच सांगू शकत नव्हतं. हॉस्पिटलच्या मॅडम एवढंच म्हणाल्या, "फोन चालू ठेवा आणि आला की लगेच उचला. आमच्याकडं वेळ फार कमी असतो."

कुणाला सांगायचं नाही, हा जावेदचा हट्ट. तात्यासाहेबांचं हृदयाचं ऑपरेशन झालं होतं, तेव्हा आम्हीही बघायला गेलो होतो. सगळे पलंगाभोवती तोंडं पाडून उभे होते. घरी आल्यावर जावेद म्हणाले, "यास्मिन, मेरे सामने कोई ऐसा मूं करके खडा नै रैना. किसी को बोलना नै." मी शब्द दिला. तुलासुद्धा सांगायचं नाही हे मला सगळ्यात जड गेलं. तू फोन केलास की मी दोन वाक्यांत आटोपायची, कारण तिसऱ्या वाक्याला तू माझा आवाज ओळखला असतास.

तर तो फोन मी दिवसरात्र उशाशी, ओट्यावर, न्हाणीच्या दाराशी ठेवायची, आणि तो वाजायचा सतत, पण गेमसाठी. माझी झोप उडाली. वजन उतरलं. एका रविवारी जावेदना माझी दया आली आणि मी जेवून कलंडले तेव्हा त्यांनी माझा फोन गुपचूप सायलेंट केला. जाग आली तर एकाच अनोळखी नंबराचे तीन मिस्ड कॉल. रत्ना, मला वाटलं, आलेली किडनी हातची गेली. परत फोन लावला तर नंबर लागेना. जावेद बघत होते, त्यांचाही चेहरा पांढरा. शेवटी लागला. एक पोरगी गोड आवाजात विचारत होती, "मॅडम, पर्सनल लोन हवंय का?" मी फोन ठेवला आणि आम्ही दोघं आधी हसलो, मग मी रडायला लागले. त्यांनी मला रडू दिलं. मग म्हणाले, "सब बंद मत कर. जो बेकार का है, वो बंद कर."

दुसऱ्या दिवशी ते आत डायलिसिसवर असताना मी बाहेरच्या बाकावर बसले आणि फोनच्या सेटिंगमध्ये शिरले. कुणाला विचारलं नाही. शेतीचा गेम शोधला, त्याची आमंत्रणं बंद केली. लुडो बंद केला. तात्यासाहेबांची आमंत्रणं बंद केली, त्यांची मैत्री राहू दिली. वाढदिवस, जुन्या आठवणी, कुणी कुणाच्या फोटोला काय म्हटलं, सगळ्याची सूचना बंद. एकेक बंद करताना खोलीतला एकेक पंखा थांबावा तसं वाटत होतं. आणि तेवढ्यात वरून निरोप उतरला: ‘रत्नमालाला एक जीव हवा आहे. पाठवा.’

आत माझा नवरा मशीनला जोडलेला होता, रत्ना. मी ते वाक्य दोनदा वाचलं. तुझ्या नावावर बोट ठेवलं. तिथं बरंच काही लिहिलेलं होतं, आमंत्रणं थांबवा, सूचना थांबवा, ब्लॉक करा. मी न वाचता शेवटचं दाबलं. लक्षात आलं संध्याकाळी. परत मैत्रीची विनंती पाठवावी तर तू विचारणार, काढलंस का? आणि उत्तर द्यायला मी मोकळी नव्हते. म्हणून तसंच राहू दिलं. तुझा राग सोसणं त्यातल्या त्यात सोपं होतं.

त्यानंतर फोन गप्प झाला. पहिले काही दिवस मी तो हातात घेऊन बघायची, बिघडला तर नाही ना! मग झोप लागायला लागली. वाजला तर माणसाचाच असणार, हे कळल्यावर जिवाला किती शांत वाटतं म्हणून सांगू. भागाकार पूर्ण करून झाले, भूमितीला लागलो.

आणि गेल्या महिन्यात एका दुपारी तो वाजला. जावेद नुकते जेवायला बसले होते, खिचडीचा पहिला घास हातात. पलीकडून मॅडम म्हणाल्या, "यास्मिनताई, पेशंटला काही खायला देऊ नका, आणि निघा." मी यांचा हात धरला, घास ताटात टाकायला लावला. हे म्हणतात, "पैले पूछ तो, पक्का है क्या?" मी म्हटलं, उठा! रिक्षावाल्याला काय सांगितलं आठवत नाही, पण जालना रोडच्या त्या गर्दीतून त्यानं आम्हाला असं काढलं की त्याला मी मुठीत येतील तेवढ्या नोटा दिल्या.

तिथं गेल्यावर कळलं, आणखी एका पेशंटला बोलावलंय. दोघांच्या रक्ताची तपासणी, ज्याचं जुळेल त्याला मिळणार. खुलताबादकडचे मल्हारराव. मेंढरं राखत आयुष्य गेलेला उंच माणूस, आता अगदी वाळून गेलेला. दोघांना आत नेलं आणि त्यांची बायको, वच्छलाबाई, माझ्याशेजारी बाकावर बसली. काय बोलणार एकमेकींशी? तिच्या भल्याची दुआ करावी तर माझं नुकसान. तिचंही तेच. तिच्या मांडीवरचा फोन मात्र सारखा टुंगटुंग करत होता आणि दर वेळी ती दचकत होती. म्हणाली, "नातवानं काय काय घालून ठिवलंय यात, ताई. लई वाजतंय. दवाखान्याचा फोन कोणता आन् ह्यो कोणता, मला कळंनाच." मी हात पुढं केला. तिनं फोन दिला. त्या तासाभरात मी तिच्या फोनमधलं एकेक बंद केलं आणि हॉस्पिटलच्या नंबराला वेगळी रिंग लावून दिली. ती दोनदा वाजवून तिला ऐकवली. आम्हाला दोघींनाही हाताला काम मिळालं, एवढं बरं झालं.

निकाल आला तो आमच्या बाजूनं. मला वच्छलाबाईंकडं बघवेना. त्याच उठल्या, माझ्या डोक्यावर हात ठेवला. "तुमचं झालं ना, माय. व्हय, आमचं बी व्हईल. आता फोन कळतोय मला." आणि मल्हाररावांचा हात धरून हळूहळू जिन्यानं उतरून गेल्या.

ऑपरेशन झालं. नवी किडनी तिथंच, टेबलावरच काम करायला लागली, असं डॉक्टर म्हणाले. मास्क लावून मला आत सोडलं तेव्हा नर्स लघवीची पिशवी उचलून अशी दाखवत होती, जशी बारशाला बाळ दाखवतात. आणि मग तिनं जावेदना ग्लासभर पाणी दिलं. कळतंय का तुला? डायलिसिसपायी दोन वर्षं मी या माणसाला मापानं पाणी दिलंय. उन्हाळ्यात त्यांनी बर्फाचा खडा चघळून तहान मारलीय. त्यांनी तो ग्लास रिकामा केला, माझ्याकडं बघितलं आणि आणखी मागितला. नर्स म्हणाली, प्या की. मी बाहेर येऊन जिन्यात बसले आणि ज्या घरच्यांनी दिलं त्यांच्यासाठी दुआ केली. त्यांचं नाव आम्हाला कधी कळणार नाही. त्या दिवशी त्यांच्या घरी काय चाललं असेल, हे मनातून जात नाही.

आता आम्ही घरी आहोत. सध्या कुणाला भेटायला येऊ द्यायचं नाही, त्यामुळं तोंड पाडून उभं राहायची कुणाला संधीच नाही. जावेद खिडकीत बसून तात्यासाहेबांशी खालीवर ओरडून गप्पा मारतात. परवा आपणहून म्हणाले, "रत्ना भाभी को अब बता दे. भारतभाई को भी." तुम्हा नवराबायकोला सांगायला शब्दातून मोकळं केलं मला. फोनवर सांगायला घेतलं असतं तर रडण्यातच वेळ गेला असता, म्हणून लिहिलं.

पण हे पत्र आजच टाकायची घाई आहे, आणि तिचं कारण दुसरं आहे. घरी सोडताना हॉस्पिटलच्या मॅडमनी आमच्या दोघांच्या नंबरांखाली आणखी एक नंबर मागितला. कधी यांना ताप चढला, मी शाळेत असले, दोघांपैकी कुणीच सापडलं नाही, तर धावून येईल असं जवळचं माणूस. अरफा पुण्याला शिकतेय, इम्रान दुबईत, अम्मी थकल्या. मॅडम पेन घेऊन थांबल्या होत्या. मी तुझा नंबर सांगितला. तो मला अजून तोंडपाठ आहे. नातं काय लिहू, असं त्यांनी विचारलं. मी म्हटलं, बहीण. तुला न विचारता केलं, तुझा राग उतरलेला नसताना केलं. तेव्हा रत्ना, अनोळखी नंबर दिसला तर तो कापू नकोस. बहुतेक येणारच नाही. आला तर उचल.

तुझीच,
यास्मिन