उंबऱ्यावरचा पाव

थोरल्या चंद्राची चौथ

ताई, तू हे सगळं विसरणार, मला ठाऊक आहे. मागे मला भेटायला म्हणून निघालीस, माझ्या शेजारणीकडे चहा पिऊन परत गेलीस, आणि वर मलाच दटावलंस की तू घरी नव्हतीस! म्हणून या खेपेला तोंडी निरोप नाही. रोज संध्याकाळी मी बोलणार आणि सुईणबाई वहीत उतरवणार. वही भरली की तुझ्याकडे धाडीन. मी लेकीच्या बाळंतपणाला आलेय आणि सुईणबाई तिच्याच घरात पुढच्या खोलीत भाड्याने राहतात, त्यामुळे कळा सुरू झाल्या की हाक मारली तरी पुरे. अक्षर सुरेख आहे म्हणतात. मला काय, कागदावर मुंग्या चालल्या तरी तेवढ्याच सुरेख दिसतात.

मी सुखरूप पोचले. लेक गरगरीत झालीय. जावई काचेच्या भट्टीवर बाटल्या फुंकतात, त्यामुळे बोलायच्या आधी त्यांचे गाल फुगतात. हसू आवरताना माझी पुरेवाट होते. मला माडीवरची खोली दिलीय. खिडकीतून थोरला आणि धाकटा, दोन्ही चंद्र दिसतात. त्यांच्या मधे एक काळी फट आहे, तिथे एकही तारा नाही. लेक म्हणाली, तिकडे बघत बसू नकोस. मी म्हटलं, बाई गं, मला पायाखालचं दिसत नाही, आभाळातलं कुठलं दिसायला!

षष्ठी

इथली एक गंमत ऐक. दर घराच्या दाराशी टोपलीत कडक पावाचे तुकडे ठेवलेले असतात. बाहेरून येणाऱ्याने उंबऱ्यावर उभं राहून एक तुकडा चावायचा. कुडुम असा आवाज आतल्यांनी ऐकला की मगच आत यायचं. जावईही चावतात, सुईणबाईही. कारण त्या फटीतून धुकं उतरतं आणि धुक्यातून झिरपे येतात. नवखे झिरपे नुसती माणसाची आकृती घेतात, त्यांच्यातून पलीकडची भिंत दिसते. त्यांच्याहून जुने आवाज उचलतात. मुरलेले तर खोड्यासुद्धा उचलतात. पण आतून सगळे ओले. त्यांच्या तोंडात पाव भिजतो, वाजत नाही.

माझ्या तोंडात दात कुठले? मी आले त्या दिवशी लेकीने मला चुलीपुढे घाम फुटेस्तोवर बसवून ठेवलं. मला वाटलं, आईला थंडी वाजत असेल म्हणून केवढी ही माया! माया कसली, पारख होती. झिरपा विस्तवापुढे टिकत नाही.

अष्टमी

सुईणबाईंनी लेकीचं पोट चाचपलं. म्हणाल्या, एकच आहे आणि भारी आळशी आहे, आजीवर गेलंय. मी म्हटलं, हेही लिहा, ताईला माझ्याबद्दल चांगलं ऐकवत नाही. लेक खूप हसली. मागचं मूल हाती लागलं नाही, तेव्हापासून ती अशी हसली नव्हती. हे एवढं धड पार पडू दे.

दशमी

आज धुकं भर दुपारी उतरलं. लेक झोपली होती, सुईणबाई दुसऱ्या बाळंतिणीकडे गेल्या होत्या. जावई लवकर आले. जबड्याला फडकं बांधलेलं. दाढ काढल्याची खूण केली. मी टोपली पुढे केली तर कसनुसं तोंड केलं. आता तूच सांग ताई, जावई माणूस! सासूने त्याला दुखऱ्या दाढेने उंबऱ्यावर तिष्ठत ठेवायचं? मी बाजूला झाले. ते आत जाऊन लेकीच्या उशाशी बसले.

मी पाणी तापत ठेवते न ठेवते तोच दारात कुडुम वाजलं.

जावई उभे होते. गालावर भट्टीची काजळी, तोंडात पाव. म्हणाले, धुकं फार झालं म्हणून लवकर सोडलं, सासूबाई.

आतल्याने त्यांच्याकडे पाहिलं आणि — लिहा सुईणबाई, हात नका थांबवू — फडकं गळून पडलं. खाली जबडा नव्हताच. मग भांड्यावरची वाफ जावी तसं ते विरलं. पण वर नाही गेलं. खाली गेलं. लेकीच्या पांघरुणात.

लेक जागी झाली. म्हणाली, आई, गार लागलं गं.

एकादशी

लेकीला थंडीचं निमित्त सांगून घरभर शेगड्या पेटवल्या. पलंगाखाली, फडताळात, गादीत — कुठे काही नाही. जावई माझ्याशी बोलत नाहीत. ओरडले असते तर बरं झालं असतं.

लेक म्हणते, पोटात फार हालतंय. आळशी होतं ना ते?

सुईणबाईंनी पोटावर हात ठेवला. काढला. पुन्हा ठेवला.

द्वादशी

पहाटे लेक मोकळी झाली. मुलगी झाली. मग —

मग आणखी एक. हुबेहूब. कानामागचा तीळसुद्धा.

लेक आनंदाने रडतेय, जुळ्या म्हणून. तिला कुणीच काही सांगितलेलं नाही. माझ्याकडून ते होणार नाही.

दात दोघींनाही नाहीत. पाव कुणाला देऊ?

तेरस

जावई म्हणतात, दोघींना भट्टीपुढे ठेवू. मी म्हटलं, जी आपली आहे तीही होरपळेल. ते म्हणाले, माहीत आहे. रडत होते. मी खोलीच्या दारात आडवी बसलेय. मला ओलांडून जायची त्यांची छाती नाही — अजून तरी.

दोघीही गार लागतात. दोघीही माझं बोट धरतात.

मघाशी एक रडली. दुसरी टक लावून बघत राहिली. मग तीही तश्शीच रडली. आता पहिली कुठली ते मला —

लेकीला दूध उतरत नाही. सुईणबाई वही आहे तशीच धाडतायत. ताई, एवढं विसरू नकोस, डब्यातलं दूध पाठव. लगेच पाठव. दोघींना पुरेल इतकं. एकीपुरतंच पाठवलंस तर मला ठरवावं लागेल, कुणाला —